दिल्ली दर्शन एका दिवसात: नाशिककरांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

दिवाळीची नाहीतर मेची सुट्टी जवळ आली की हे प्रश्न मला यायला लागतात. कोणी वैष्णोदेवीला चाललेलं असतं, कोणी हरिद्वारहून परतताना दिल्लीत एक दिवस मोकळा काढलेला असतो, तर कोणाला खास दिल्लीच बघायची असते. तीच उत्तरं परत परत टाईप करून कंटाळा आला म्हणून सगळी एका जागी लिहून ठेवलीत. प्रश्नांना नंबर दिलेत, जिथे एकाचं उत्तर दुसऱ्यात आहे तिथे तसं सांगितलंय.

१. दिल्ली दर्शन म्हणजे नेमकं काय? बसमध्ये बसायचं आणि सगळं दाखवतात का?

हो, ढोबळमानाने तसंच. सकाळी साडेआठ-नऊला बस निघते, सोबत गाईड असतो, तो माईकवर माहिती सांगतो, ठरलेल्या ठिकाणी उतरवतात, वेळ देतात, परत बसमध्ये, असं संध्याकाळपर्यंत. नेहमीची ठिकाणं म्हणजे लाल किल्ला, राजघाट, इंडिया गेट, बिर्ला मंदिर, कुतुबमिनार, हुमायूनची कबर, लोटस टेंपल आणि शेवटी अक्षरधाम. "सगळं दाखवतात का" याचं उत्तर मात्र इतकं सरळ नाहीये, त्यासाठी प्रश्न ४ वाचाच, ह्या पानावर दुसरं काही नाही वाचलं तरी चालेल.

२. नाशिकहून जाऊन एका दिवसात दिल्ली बघून परत येता येईल का?

टूर एका दिवसाची असते, ट्रिप नाही. नाशिकरोडहून राजधानी पकडली तर ती संध्याकाळी निघून दुसऱ्या दिवशी सकाळी दहाच्या आसपास हजरत निजामुद्दीनला पोचते, तोवर दर्शनाची बस निघून गेलेली असते. मंगला एक्स्प्रेस दुपारी पोचते आणि पंजाब मेल रात्री. परतीचंही तसंच, राजधानी निजामुद्दीनहून संध्याकाळी पाचच्या सुमारास सुटते आणि तुमची बस तेव्हा कुठेतरी ट्रॅफिकमध्ये असते. म्हणजे ट्रेनने जाणार असाल तर टूरच्या आदल्या रात्रीचा आणि त्या रात्रीचा असे दोन मुक्काम धरूनच चला. ओझरहून फ्लाईट सोयीची मिळाली तर दिवस वाचतो पण तिकीट बघून ठरवा. गाड्यांच्या वेळा बदलत राहतात, बुकिंगच्या वेळी एकदा नीट बघून घ्या.

३. कोणत्या वारी जावं? आमचं सोमवारी पोचणं होतंय.

सोमवार सोडून कधीही. लाल किल्ला, लोटस टेंपल, अक्षरधाम, नॅशनल म्युझियम, तीन मूर्तीचं प्रधानमंत्री संग्रहालय, बिर्ला हाऊसमधली गांधी स्मृती, सफदरजंग रोडवरचं इंदिरा गांधींचं घर, हे सगळं सोमवारी बंद. तरीही काही प्रायव्हेट वाले सोमवारी बस काढतातच आणि "बाहर से दिखा देंगे" म्हणतात. लाल किल्ला बाहेरून दिसतो तो नोटेवरही दिसतो, त्यासाठी दिल्लीला कशाला जायचं.

सोमवारच वाट्याला आला असेल तर टूर घेऊ नका, टॅक्सी करा आणि जे उघडं असतं ते बघा: कुतुबमिनार, हुमायूनची कबर, इंडिया गेट आणि त्याच्या मागचं राष्ट्रीय युद्ध स्मारक, बिर्ला मंदिर, बंगला साहिब, लोधी गार्डन. खरं सांगते, हा दिवस कधीकधी नेहमीच्या टूरपेक्षा बरा जातो कारण घाई नसते.

४. एकजण ९ ठिकाणं सांगतोय, दुसरा १५, पैसे जवळपास सारखेच. १५ वाल्याकडे जावं ना?

नाही. इथेच सगळे फसतात म्हणून जरा लांबण लावते.

बस नऊला निघते आणि सहाच्या आसपास संपते असं धरा, म्हणजे नऊ तास. त्यातले अडीच-तीन तास नुसते रस्त्यावर जातात, कारण लाल किल्ला जुन्या दिल्लीत आणि कुतुबमिनार दक्षिणेला मेहरौलीत, मधलं अंतर जवळपास पंचवटीतून ओझरला जाण्याइतकं, आणि तेही दिल्लीच्या ट्रॅफिकमधून. एक तास जेवण. अर्धा-पाऊण तास एम्पोरियम (प्रश्न ९). प्रत्येक ठिकाणी माणसं उतरवायची, सिक्युरिटीची लाईन, परत मोजून बसमध्ये घ्यायची, एखादी काकू हमखास उशिरा येणार, त्यात प्रत्येक थांब्याला पंधरा-वीस मिनिटं. उरले किती, चार तास फार तर. आणि एकटा लाल किल्ला नीट बघायचा तर दीड-दोन तास लागतात.

तर १५ ठिकाणं होतात कशी? ती "बाहेरून" होतात. राष्ट्रपती भवन बसच्या काचेतून, संसद काचेतून, इंडिया गेटला दहा मिनिटं फोटो, आणि यादीत प्रत्येकाचा एकेक नंबर. काही ठिकाणी तर एखादा चौक किंवा दूतावासांचा रस्ता पण पॉईंट म्हणून मोजलेला असतो.

म्हणून बुकिंग करताना किती पॉईंट ते विचारू नका, एकेका नावापुढे विचारा: आत नेणार की बाहेरून दाखवणार, आणि आत किती वेळ देणार? व्हॉट्सॲपवर लिहूनच मागा. ज्याच्याकडे आतून चार-पाच ठिकाणं आहेत आणि लाल किल्ल्याला किमान सव्वा तास आहे तो चांगला. जो "सब कव्हर हो जाएगा मॅडम" एवढंच म्हणतो त्याला राम राम.

५. सरकारी बस घ्यावी की प्रायव्हेट? की सरळ टॅक्सी?

सरकारीमध्ये दोन नावं लक्षात ठेवा, एक डीटीसी म्हणजे दिल्लीची एसटी म्हणा हवं तर, तिची दिल्ली दर्शन बस वर्षानुवर्षं कॅनॉट प्लेसच्या सिंधिया हाऊसपासून सुटत आलीय, आणि दुसरं दिल्ली टुरिझम, त्यांचं ऑफिस बाबा खडक सिंग मार्गावर. तिकीट स्वस्त, दुकानांची भानगड कमी, पण बस रोज असेलच असं नाही आणि सुट्टीत लवकर भरते, त्यामुळे आदल्या दिवशी चौकशी हवीच.

प्रायव्हेट बस पहाडगंज-करोल बागच्या हॉटेलवाल्यांमार्फत मिळते, सोपी मिळते, हॉटेलच्या दारातून नेतात, पण त्यात हॉटेलवाल्याचं कमिशन असतं आणि प्रश्न ९ असतोच.

चार-पाच माणसं असाल तर माझं मत विचाराल तर दिवसभराची टॅक्सी करा आणि गाईड फक्त लाल किल्ला नि कुतुबमिनारला तिथल्या तिथे घ्या. बसपेक्षा थोडं महाग पडतं पण वेळ तुमच्या हातात राहतो. एकटे किंवा दोघंच असाल तर बसच परवडते.

६. खर्च किती? तिकिटं बसच्या पैशात येतात का?

बहुतेक ठिकाणी येत नाहीत. बसचं भाडं वेगळं, स्मारकांची तिकिटं वेगळी, जेवण वेगळं. कुतुबमिनार आणि हुमायूनच्या कबरीचं तिकीट भारतीयांना ३५-४० रुपयांच्या घरात आहे, ऑनलाईन किंवा क्यूआर स्कॅन करून काढलं तर थोडं स्वस्त आणि खिडकीची लाईन वाचते. १५ वर्षांखालच्या मुलांना पुरातत्त्व खात्याच्या स्मारकांत तिकीट नाही. बिर्ला मंदिर, लोटस टेंपल, राजघाट, इंडिया गेट, युद्ध स्मारक, बंगला साहिब फुकट. अक्षरधामला प्रवेश फुकट पण आतली प्रदर्शनं आणि रात्रीचा वॉटर शो याला वेगळं तिकीट.

गाईड कधीकधी बसमध्येच "सबका टिकट मैं निकालता हूँ" म्हणून पैसे गोळा करतो, त्यात वाईट काही नाही, लाईन वाचते, फक्त किती घेतले आणि तिकिटावर किती छापलंय ते बघा.

७. बस कुठून पकडायची? पहाडगंज म्हणजे स्टेशनच्या कोणत्या बाजूला?

बस कुठून ते प्रश्न ५ मध्ये सांगितलंय. नवी दिल्ली स्टेशनच्या एक नंबर प्लॅटफॉर्मची बाजू म्हणजे पहाडगंज, उलटी बाजू अजमेरी गेट, मेट्रो पण तिकडेच. पहाडगंज बाजूला स्टेशनबाहेर काही लोक अंगावर येतात, तुमची ट्रेन कॅन्सल झालीय, तुमचं हॉटेल बंद झालंय, चला सरकारी टुरिस्ट ऑफिसला घेऊन जातो. ते ऑफिस सरकारी नसतं. बोलत बसूच नका, चालत राहा.

८. गाईड मराठी मिळेल का? आमच्या आईला हिंदी समजतं पण दिल्लीवाल्यांचं फास्ट हिंदी नाही समजत.

नेहमीच्या बसमध्ये हिंदी आणि थोडं इंग्लिश एवढंच. मराठी हवं असेल तर इथूनच ग्रुप घेऊन जाणाऱ्या टूरवाल्यांबरोबर जा, त्यांचा टूर मॅनेजर सोबत मराठीत सांगतो. आईंना पुढच्या सीटवर बसवा, मागे माईक नुसता घुमतो.

गाईड खरा की खोटा हे बघायचं तर पर्यटन खात्याचं फोटोवालं ओळखपत्र त्याच्या गळ्यात असतं. बसमधला माणूस बऱ्याचदा लायसन्सवाला गाईड नसतोच, तो बसवाल्याचा माणूस असतो, ठिकाणांची नावं आणि ठरलेले जोक सांगतो. त्याच्याकडून ऐकलेल्या सनावळ्या मुलांना प्रोजेक्टमध्ये लिहायला देऊ नका एवढंच म्हणते.

९. बस मधेच साड्यांच्या दुकानात नेते म्हणे, खरं आहे का? जावंच लागतं का?

खरं आहे. नाव एम्पोरियम असतं, बोर्डावर हँडीक्राफ्ट किंवा खादी असं काहीतरी सरकारी वाटेल असं लिहिलेलं असतं, आणि गाईड सांगतो की ही सरकारी सहकारी संस्था आहे, फक्त बघा, घ्यायची सक्ती नाही. सक्ती नसतेच. पण बस लॉक करून एसी बंद करतात, बाहेर ऊन असतं, आत गार असतं, पाणी देतात, मग पश्मिना शाल अंगठीतून काढून दाखवतात आणि आपली माणसं विरघळतात. माल अगदी टाकाऊ असतो असं नाही, पण किंमतीत बसवाल्याचा, गाईडचा, ड्रायव्हरचा वाटा धरलेला असतो. खरं सरकारी बघायचं तर बाबा खडक सिंग मार्गावर राज्याराज्यांची एम्पोरियम ओळीने आहेत, तिथे भाव लिहिलेले असतात.

काय करायचं ते सांगते. बुकिंगच्या वेळीच विचारा, शॉपिंग स्टॉप किती. दोन म्हणाला तर दुसरी बस बघा. आणि आत गेलातच तर तो अर्धा तास टॉयलेट, पाणी आणि पाय पसरायला वापरा, दिल्लीत बायकांसाठी स्वच्छ टॉयलेट मिळणं ही पण मोठी गोष्ट आहे भो.

१०. कुतुबमिनारवर चढता येतं का?

नाही. ३७९ पायऱ्या आहेत पण डिसेंबर १९८१ मध्ये आत चेंगराचेंगरी होऊन ४५ माणसं गेली, त्यात शाळेची मुलं खूप होती, तेव्हापासून बंद. खालूनच ७२.५ मीटर उंची बघायची. लोखंडी खांबाला पाठीमागून मिठी मारायची ती जुनी गंमत पण आता नाही, भोवती कुंपण आहे. पण कुतुबमिनार म्हणजे नुसता मिनार नाही हं, बाजूच्या मशिदीचे खांब नीट बघा, ते आधीच्या मंदिरांचे आहेत, त्यावरच्या घंटा नि साखळ्यांचं कोरीवकाम अजून दिसतं. गाईड इथे वीस मिनिटं देतो, भांडून चाळीस घ्या.

११. अक्षरधामला मोबाईल नेऊ देत नाहीत म्हणतात, मग फोटो?

मोबाईल, कॅमेरा, पॉवर बँक, बॅग, स्मार्टवॉच सुद्धा, काही नेता येत नाही. बाहेर क्लोकरूम आहे, पण तिथे भरपूर लाईन, त्यामुळे शक्य असेल तर वस्तू बसमध्येच ठेवा. अडचण अशी की बऱ्याच बसेस अक्षरधामला सोडून निघून जातात, ते शेवटचं ठिकाण असतं, मग सगळं बरोबरच घ्यावं लागतं आणि क्लोकरूमशिवाय पर्याय नसतो. तेव्हा विचारून ठेवा की बस थांबणार की सोडून जाणार. आत गेल्यावर घरच्यांची चुकामूक झाली तर फोन नसतो, म्हणून भेटायची जागा आणि वेळ आधीच ठरवा. परत जायला अक्षरधाम मेट्रो स्टेशन ब्लू लाईनवर आहे, चालत जाता येतं.

१२. लोटस टेंपलमध्ये कोणता देव आहे?

कोणताच नाही. बहाई पंथाचं प्रार्थनास्थळ आहे, १९८६ साली झालं, २७ पाकळ्या आहेत, चपला काढून आत जायचं, बोलायचं नाही, फोटो काढायचा नाही. आत शांत बसायचं असतं, पण टूरवाल्यांची लाईन इतकी असते की बसायला पाच मिनिटं मिळतात. वेळ कमी असेल तर यादीतून काढायला सर्वात सोपं ठिकाण हेच, बाहेरून जास्त छान दिसतं. (हो, बाहेरून चालेल असं ह्या पानावर फक्त इथेच म्हणतेय.)

१३. जेवणाचं काय? शुद्ध शाकाहारी मिळतं का, कांदा-लसूण न खाणारे आहेत आमच्यात.

शाकाहारी भरपूर, ती काळजीच नको. बस ठरलेल्या ढाब्यावर नेते, तिथे थाळीचे भाव जास्त आणि चव बेताची. कांदा-लसूण नसलेलं त्या ढाब्यावर धड मिळेलच असं नाही, म्हणून तिखटमिठाच्या पुऱ्या, दशम्या आणि आपला चिवडा घरून न्या.

आपल्या हातात असेल तर दुपारी बंगला साहिब गुरुद्वाऱ्यात लंगरला बसा. डोक्यावर रुमाल किंवा ओढणी, चपला जोडाघरात, हातपाय धुऊन पंगतीत. कोणी काही विचारत नाही, प्रसाद दोन्ही हातांनी घ्यायचा, ताटात टाकायचं नाही.

पराठेवाली गली चांदणी चौकात आहे, बस तिथे जात नाही, कारण लाल किल्ला ते फतेहपुरीपर्यंतचा रस्ता सकाळी ९ ते रात्री ९ गाड्यांना बंद असतो, सायकल रिक्षाने किंवा पायी जायचं. टूरच्या दिवशी तो विचार सोडा, आदल्या संध्याकाळी जा. आणि भाकरी-पिठल्याची आठवण आली तर कस्तुरबा गांधी मार्गावरच्या महाराष्ट्र सदनाच्या कॅन्टीनची आधी चौकशी करून बघा.

१४. आई-बाबा सत्तरीचे, गुडघ्यांचा त्रास. झेपेल का?

पूर्ण टूर नाही झेपणार, स्पष्ट सांगते. चढ फारसा नाहीये, पण चालणं फार आहे. लाल किल्ल्यात लाहोरी दरवाजातून छत्ता बाजार, मग नौबतखाना, दिवाण-ए-आम, मग दिवाण-ए-खास, आणि तितकंच परत. बॅटरीवाली गाडी असते ती दरवाजापर्यंतचं चालणं वाचवते, आतलं नाही. हुमायूनच्या कबरीला बाग ओलांडून पुन्हा चौथऱ्याच्या उंच पायऱ्या. अक्षरधाम तर संध्याकाळी, पाय आधीच गेलेले असताना येतं.

त्यांच्यासाठी टॅक्सी करा, सकाळी लाल किल्ला नाहीतर कुतुबमिनार, दोनपैकी एकच, मग बिर्ला मंदिर, दुपारी हॉटेलवर झोप, संध्याकाळी ऊन उतरल्यावर इंडिया गेट आणि युद्ध स्मारक. व्हीलचेअर मोठ्या ठिकाणी मिळते पण मागावी लागते, आपणहून कोणी देत नाही.

१५. लहान मुलं कंटाळतात का?

पाचवीच्या खालची हमखास. तिसरी कबर दाखवल्यावर तर मोठेपण कंटाळतात. त्यांच्यासाठी तीन मूर्तीचं प्रधानमंत्री संग्रहालय किंवा रेल्वे म्युझियम जास्त चांगलं, पण ही टूरमध्ये नसतात आणि सोमवारी बंद असतात.

१६. दिवाळीच्या सुट्टीत जावं का मे महिन्यात?

दोन्ही वाईट, आणि आपल्याला सुट्ट्या नेमक्या तेव्हाच असतात. मेमध्ये पारा पंचेचाळीसपर्यंत जातो, लाल किल्ल्याच्या दगडावर दुपारी पाय ठेववत नाही, आपल्या नाशिकच्या उन्हाळ्याला त्याची सर नाही. दिवाळीनंतर धूर, आजूबाजूच्या राज्यांत भाताचे खुंट जाळतात, त्यात फटाके आणि गाड्या, आणि थंड हवेने तो खालीच अडकून राहतो. दमा असेल तर नोव्हेंबर टाळाच. डिसेंबर-जानेवारीत धुकं, सकाळी दहापर्यंत काही दिसत नाही आणि गाड्या कितीही तास लेट होतात.

चांगला काळ म्हणजे फेब्रुवारी ते मार्चचा मध्य, आणि ऑक्टोबरची सुरुवात. फेब्रुवारी-मार्चमध्ये राष्ट्रपती भवनाचं अमृत उद्यान पण उघडं असतं. शाळा बुडते म्हणाल, तर दोन दिवस बुडाली तर काय होतंय.

१७. २६ जानेवारीची परेड आणि दर्शन दोन्ही एकाच फेरीत जमेल का?

अवघड आहे. जानेवारीच्या शेवटच्या आठवड्यात कर्तव्य पथ आणि इंडिया गेटचा भाग रिहर्सलसाठी बंद-चालू होत राहतो, लाल किल्लाही ते दिवस बंद असतो, आणि बसवाले हे बुकिंगच्या वेळी सांगत नाहीत. ऑगस्टमध्ये १५ तारखेच्या आधी पण लाल किल्ला बरेच दिवस बंद ठेवतात. परेडच बघायची असेल तर परेडचीच ट्रिप करा आणि दर्शन फेब्रुवारीत ढकला.

१८. राष्ट्रपती भवन आणि संसद आतून बघता येते का?

बसने नाही. राष्ट्रपती भवनाला आधी ऑनलाईन स्लॉट घ्यावा लागतो, ओळखपत्र लागतं, आणि तो स्लॉट टूरच्या वेळेत बसत नाही. संसदेच्या गॅलरीचा पास खासदारांच्या शिफारशीने होतो, म्हणजे नाशिकमधूनच खासदारांच्या ऑफिसला विचारून जायचं, दिल्लीत जाऊन काही होत नाही.

१९. मराठ्यांशी संबंधित काही दाखवतात का?

दाखवत नाहीत, आणि ह्याचाच मला जास्त राग येतो. गाईड शहाजहान, औरंगजेब करत एकदम १८५७ च्या बहादूरशाह जफरवर उडी मारतो, मधली शंभर-दीडशे वर्षं गायब. तर लाल किल्ल्यात तुम्हीच आठवून बघा.

दिवाण-ए-खासमध्ये उभे राहाल तेव्हा वर बघा, तिथे पूर्वी चांदीचं छत होतं. १७६० मध्ये पानिपतला जाण्याआधी सदाशिवराव भाऊंनी दिल्ली घेतली तेव्हा फौजेचा पगार भागवायला ते काढून वितळवलं. पटो न पटो, झालंय ते झालंय. १७७१ मध्ये महादजी शिंद्यांच्या फौजेने दिल्ली घेतली आणि शाह आलमला पुढच्या वर्षी परत गादीवर आणून बसवलं. त्याच बादशहाचे डोळे १७८८ मध्ये रोहिला सरदार गुलाम कादिरने ह्याच किल्ल्यात काढले, त्यानंतर किल्ला सोडवायला परत शिंद्यांचीच माणसं आली. ११ सप्टेंबर १८०३ ला पटपडगंजच्या लढाईत इंग्रजांनी शिंद्यांच्या फौजेला हरवलं आणि दिल्ली गेली. म्हणजे इंग्रजांनी दिल्ली घेतली ती मोगलांकडून नाही, आपल्याकडून. हे वाक्य गाईडला ऐकवून बघा, तो दोन मिनिटं गप्प होतो.

आणि चांदवडचा रंगमहाल बघितलेल्यांना होळकर नवीन नाहीत, तेच मल्हारराव होळकर त्या काळात दिल्लीच्या राजकारणात होते. शिवाय आझाद हिंद सेनेच्या अधिकाऱ्यांवरचे खटले १९४५ मध्ये इथेच सुरू झाले, आणि गांधी हत्येचा खटलाही ह्याच किल्ल्यात चालला, भगूरचे सावरकर त्यात निर्दोष सुटले. नाशिकच्या माणसाला ह्या किल्ल्यात बघायला बरंच आहे.

२०. बाबासाहेबांचं स्मारक टूरमध्ये असतं का?

नसतं, वेगळं जावं लागतं. २६ अलीपूर रोड, जिथे ६ डिसेंबर १९५६ ला त्यांचं निधन झालं, तिथे आता राष्ट्रीय स्मारक आहे, २०१८ मध्ये झालं, सोमवारी बंद. सिव्हिल लाईन्स मेट्रोने जाता येतं.

आणि टूरमध्ये असलेल्या बिर्ला मंदिरात एक गोष्ट लक्षात घेऊन उभं राहा. १९३९ मध्ये गांधीजींनी त्याचं उद्घाटन केलं ते सगळ्या जातींना प्रवेश असेल ह्या अटीवर. त्याच्या नऊच वर्षं आधी, २ मार्च १९३० ला, आपल्या काळाराम मंदिराच्या दारात बाबासाहेबांनी सत्याग्रह सुरू केला होता.

२१. सकाळी ट्रेनमधून उतरून थेट टूरला गेलो, सामान बसमध्ये ठेवलं तर?

छोटी बॅग ठेवतात, सुटकेस ठेवत नाहीत आणि ठेवली तरी जबाबदारी घेत नाहीत. स्टेशनच्या क्लोकरूमला ट्रेनचं तिकीट दाखवावं लागतं आणि बॅगेला कुलूप असावं लागतं, नसेल तर घेत नाहीत, स्टेशनबाहेर कुलूप दुप्पट भावाने मिळतं. वैष्णोदेवीहून पहाटे येऊन रात्रीची दुसरी गाडी पकडणाऱ्यांना हे जमू शकतं, पण गाडी लेट झाली की बस जाते, म्हणून अशा वेळी बसचं बुकिंग करूच नका, उतरल्यावर बघा.

२२. भाचा अमेरिकेहून आलाय, त्याला परदेशी तिकीट लागेल का?

पासपोर्ट अमेरिकन असेल आणि हातात दुसरं काही नसेल तर हो, कुतुबमिनारला ५५०-६०० रुपये. पण त्याच्याकडे ओसीआय कार्ड (परदेशी नागरिक झालेल्या मूळच्या भारतीयांना मिळतं ते) असेल तर भारतीयांच्याच दराने तिकीट मिळतं, तसा केंद्राचा नियम आहे, फक्त कार्ड जवळ हवं, घरी ठेवून उपयोग नाही. नेपाळ, बांगलादेश, श्रीलंकेच्या पाहुण्यांना पण भारतीय दर लागतो. १५ खालचा असेल तर प्रश्नच नाही, प्रश्न ६ बघा.

२३. त्याच दिवशी आग्रा पण उरकता येईल का?

नाही, "उरकता" शब्दातच उत्तर आहे. आग्र्याला वेगळा दिवस द्या, निजामुद्दीनहून गतिमान एक्स्प्रेस सकाळी निघून पावणेदोन तासाच्या आत पोचवते. ताजमहाल शुक्रवारी बंद. म्हणजे दिल्लीला सोमवार नको, आग्र्याला शुक्रवार नको, ह्या हिशोबाने नाशिकरोडचं तिकीट काढा.

२४. टूर न घेता मेट्रोने स्वतःच फिरलं तर?

छान होतं, थोडी फिरायची सवय असेल तर. लाल किल्ला आणि जामा मशीद ह्या नावांची स्टेशनंच व्हायोलेट लाईनवर आहेत, कुतुबमिनार यलो लाईनवर (स्टेशनहून पुढे रिक्षा लागते), लोटस टेंपलला कालकाजी मंदिर किंवा ओखला एनएसआयसी, अक्षरधाम ब्लू लाईनवर. दिवसभराचं टुरिस्ट कार्ड मिळतं. गाईडची कमी लाल किल्ल्यात जाणवेल, तिथे दारात घ्या आणि भाव आधी ठरवा. ज्येष्ठ सोबत असतील तर मात्र मेट्रोचे जिने नि बदलाबदली नको, प्रश्न १४.

२५. मधेच टूर सोडली किंवा बस मागे सोडून गेली तर पैसे परत मिळतात का?

सोडली तर नाही. सांगून सोडा एवढंच, नाहीतर सगळी बस तुमची वाट बघत बसते. बस सोडून गेली तर, आणि जाते, वीस मिनिटं सांगून पंचविसाव्या मिनिटाला निघतात, तर घाबरायचं काही नाही, उतरतानाच बसचा नंबर प्लेटसकट फोटो काढून ठेवा, गाईडचा मोबाईल घ्या, आणि पुढचं ठिकाण कोणतं ते विचारून ठेवा, ऑटो करून तिथे गाठता येते. ऑटोवाला मीटरला नाही म्हणाला तर ॲपवरून बोलवा. धुकं किंवा बंदीमुळे बसवाल्यानेच टूर रद्द केली तर पैसे मागायचेच, तो दुसऱ्या दिवशीची तारीख देऊ करतो, पण तुमची परतीची गाडी त्या रात्रीची असेल तर ती तारीख घेऊन काय करणार, म्हणून पूर्ण पैसे आधी देऊ नका, निम्मे बुकिंगला आणि निम्मे बसमध्ये बसल्यावर.